दोनातास बान्योनिस बघायचा कसा (आणि सोलारिस आधी का बघायचा नाही)

दोनातास बान्योनिस हा लिथुआनियन नट म्हटला की बहुतेकांना आठवतो तो रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीच्या सोलारिस या फिल्ममधला क्रिस केल्विन, बास. फिल्म क्लबमध्ये कधीतरी तारकोव्हस्की लागतो, पावणेतीन तास जातात, बाहेर चहाच्या टपरीवर सगळे तारकोव्हस्कीबद्दल बोलतात, पाण्याबद्दल, पावसाबद्दल, त्या घोड्याबद्दल बोलतात, आणि जो माणूस जवळपास प्रत्येक सीनमध्ये होता त्याचं नाव विचारलं तर कोणी मोबाईल काढतं. आता हे एका अर्थानं त्या नटाचं यशच आहे म्हणा, पण तरी वाईट वाटतं.

तर ज्यांना हा माणूस नीट बघायचाय त्यांच्यासाठी हे लिहितोय. कुठली फिल्म आधी, कुठली नंतर, बघताना लक्ष कुठे ठेवायचं, आणि नाटकातला नट, ज्याची नाटकं आता बघताच येत नाहीत, त्याच्यापर्यंत पोचायचं कसं. क्रम तारखेनुसार लावलेला नाही, डोळा तयार होत जाईल असा लावलाय.

आधी पानेवेझीस समजून घ्या

फिल्म लावायच्या आधी दहा मिनिटं याला द्या, कारण हे नाही कळलं तर पुढचं सगळं नुसतं "शांत अभिनय करतो बुवा" एवढ्यावर संपेल.

बान्योनिसचा जन्म 28 एप्रिल 1924 चा, लिथुआनियातल्या काउनास शहरातला. 1941 मध्ये, म्हणजे सतरा वर्षांचा असताना, तो पानेवेझीस नावाच्या गावी गेला. गाव म्हणजे काय, तालुक्याच्या ठिकाणापेक्षा मोठं आणि राजधानीच्या तुलनेत काहीच नाही असं, विल्निअसच्या उत्तरेला सुमारे 140 किलोमीटर. तिथे युओझास मिल्तिनिस नावाच्या दिग्दर्शकानं नुकतंच एक थिएटर सुरू केलं होतं. हा मिल्तिनिस पॅरिसला शार्ल ड्युलँ या फ्रेंच नाट्यदिग्दर्शकाच्या हाताखाली शिकून आलेला, ज्याँ-लुई बारोसारख्या तिथल्या नाटकवाल्यांच्या संगतीत राहिलेला, आणि परत येऊन त्यानं राजधानीत बसायचं सोडून एका आडगावात कच्ची पोरं गोळा करून त्यांना शून्यापासून शिकवायला घेतलं. बान्योनिस त्या पोरांतला एक. थिएटरचाच स्टुडिओ होता, 1944 ला तो तिथूनच बाहेर पडला, बाहेर म्हणजे काय, त्याच थिएटरात राहिला. चाळीसहून जास्त वर्षं.

आता काळ लक्षात घ्या. 1940 ला सोव्हिएत फौजा आल्या, 1941 ला जर्मन आले, 1944 ला परत सोव्हिएत आले. एवढ्या उलथापालथीत हे थिएटर चालू. मिल्तिनिसला 1950 च्या दशकात मध्ये काही वर्षं काढूनही टाकलं होतं, मग परत बोलावलं, आणि 1980 पर्यंत तोच सर्वेसर्वा. त्याच्यानंतर 1980 ते 1988 बान्योनिसनं ते थिएटर सांभाळलं. आज त्या थिएटरला मिल्तिनिसचंच नाव आहे.

मिल्तिनिसची शिकवण थोडक्यात सांगायची तर, नटानं आधी विचार करायचा. भूमिका वाचायची, पुन्हा वाचायची, हा माणूस हे का बोलतोय, आत्ताच का बोलतोय, समोरचा काय करतोय, हे कळल्याशिवाय उभं राहायचं नाही. त्यामुळे तिथली पोरं तालमीला बसली की बसलीच. एवढ्याशा गावात स्ट्रिंडबर्ग, ड्युरेनमाट असले लेखक होत होते आणि मॉस्को-लेनिनग्राडहून लोक ट्रेननं नाटक बघायला यायचे.

म्हणून बान्योनिस बघताना पहिला नियम हा: तो बोलत असताना नाही, समोरचा बोलत असताना त्याच्याकडे बघा. बाकी सगळं याच्यातूनच येतं.

फिल्म कुठे मिळतील आणि आवाजाचा घोळ

सोलारिस आणि बिवेअर ऑफ द कार या मोसफिल्म या मॉस्कोच्या स्टुडिओच्या, त्यामुळे मोसफिल्मच्या अधिकृत यूट्यूब चॅनलवर आधी शोधा, सबटायटल्सही असतात. डेड सीझन आणि किंग लिअर लेनिनग्राडच्या लेनफिल्म स्टुडिओच्या. गोया आणि बेथोवेन पूर्व जर्मनीच्या डेफा स्टुडिओच्या. नोबडी वाँटेड टू डाय लिथुआनियन स्टुडिओची. सर्च करताना एक करा, विकिपीडियावरच्या त्याच्या पानावरून रशियन लिपीतलं नाव कॉपी करून तेच सर्चला टाका, इंग्लिश स्पेलिंगनं जेवढं येतं त्याच्या कितीतरी पट येतं. सबटायटल्स इंग्लिशच मिळतील, मराठीची आशा ठेवू नका.

आता महत्त्वाचं. सोव्हिएत फिल्ममध्ये बान्योनिसच्या तोंडून जो आवाज येतो तो बऱ्याचदा त्याचा नसतोच. रशियन ही त्याची भाषा नव्हे, उच्चार बाल्टिक, मग स्टुडिओवाले दुसऱ्या नटाकडून डब करून घ्यायचे. सोलारिसमध्ये केल्विनचा आवाज व्लादिमीर झामान्स्कीचा आहे. म्हणजे ज्या रोलसाठी जग त्याला ओळखतं त्यातला एक शब्दही त्याच्या गळ्यातून आलेला नाही! आणि हे त्याच्या एकट्याबाबत नाही, किंग लिअरमधला लिअर म्हणजे एस्टोनियाचा युरी यार्वेत, त्याला आवाज झिनोव्ही गेर्डटचा.

आपल्याकडे नट म्हणजे आवाज असं समीकरण आहे, नाटकवाल्यांच्या बाबतीत तर जास्तच, त्यामुळे हे पचायला जड जातं. पण यातून बघण्याची एक सोपी युक्ती निघते. आवाज त्याचा नाहीच तर आवाज बंद करा. एखादा पाच-सात मिनिटांचा सीन आधी सबटायटल्ससकट नीट बघून घ्या म्हणजे गोष्ट कळली, मग तोच सीन म्यूट करून, सबटायटल्स बंद करून, फक्त त्याच्यावर डोळा ठेवून बघा. खांदे बघा, मान बघा, हात कुठे ठेवतोय ते बघा. बान्योनिस अंगानं थोराड, चेहरा गोल, गळा आखूड, हिरोसारखं काहीच नाही, बँकेत काउंटरपलीकडे बसलेला माणूस वाटावा असा. आणि तरी म्यूटवर त्याच्यावरून नजर हलत नाही. का हलत नाही हे शोधणं म्हणजेच त्याला बघणं.

त्याचा खरा आवाज ऐकायचा तर लिथुआनियन फिल्मचा लिथुआनियन ट्रॅक शोधा, रशियन डबिंगवाली कॉपी आली तर सोडून द्या.

सुरुवात: चर्चमधला पाद्री

पहिली फिल्म, बिवेअर ऑफ द कार, 1966, दिग्दर्शक एल्दार रियाझानोव्ह. कॉमेडी आहे. एक भोळा विमा एजंट, इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की, लाचखाऊ लोकांच्या गाड्या चोरतो, विकतो, आणि पैसे अनाथाश्रमांना पाठवतो. अशीच एक गाडी विकायला तो लिथुआनियात जातो आणि गिऱ्हाईक निघतं एक कॅथलिक पाद्री. तो बान्योनिस.

रोल काही मिनिटांचा आहे. पण सुरुवातीला हाच बघा, कारण इथे तो चक्क मजा करतोय. पाद्री म्हणून जेवढा सोज्वळ दिसायला हवा तेवढा दिसतो आणि त्याच चेहऱ्यानं चोख व्यवहार करतो. देव आहे की नाही यावर त्याला एक वाक्य आहे, काहींचा विश्वास आहे की देव आहे, काहींचा विश्वास आहे की देव नाही, आणि दोन्ही सिद्ध करता येत नाही, अशा अर्थाचं. 1966 च्या सोव्हिएत फिल्ममध्ये हे वाक्य! आणि ते तो टाळ्यांसाठी टाकत नाही, गाडीचा भाव सांगावा तसं सांगून मोकळा होतो. तिथे दोनदा मागे जाऊन बघा.

सोलारिसपासून सुरुवात करणाऱ्यांचा गैरसमज होतो की हा माणूस गंभीरच असणार. नाही. विनोदाचं टायमिंग पक्कं आहे, फक्त तो ते दाखवत बसत नाही.

दुसरी: नोबडी वाँटेड टू डाय, आणि ती डोळे उघडे ठेवून

ही 1965 ची, दिग्दर्शक वितौतास झालाकेविच्युस. याच दिग्दर्शकाच्या 1959 च्या अ‍ॅडम वाँट्स टू बी अ मॅनमधून बान्योनिसचं सिनेमाचं गाडं खऱ्या अर्थानं सुरू झालं होतं, तोवर पस्तिशी आली होती, म्हणजे स्टेजवर मुरून मग कॅमेऱ्यासमोर आलेला गडी.

गोष्ट 1947 सालची. लिथुआनियाच्या एका खेड्यात सोव्हिएत गावप्रमुखाला गोळी घातली जाते आणि त्याची चार मुलं बदला घ्यायला उभी राहतात. रेगिमांतास अदोमायतिस, युओझास बुद्रायतिस, आल्गिमांतास मास्युलिस, ब्रूनो ओया, एकेक चेहरा असा की पोस्टरवर लावावा. ब्लॅक अँड व्हाइट, योनास ग्रित्स्युसचा कॅमेरा, घोडे, धूळ, बंदुका, वेस्टर्नसारखीच बांधणी. आणि या सगळ्या रुबाबदार मंडळींच्या मध्ये बान्योनिस करतो वायत्कुस. आधी जंगलातल्या बंडखोरांबरोबर असलेला, मग माफी घेऊन परत आलेला, आणि आता या भावांनी धरून गावप्रमुखाच्या खुर्चीत बसवलेला माणूस. त्याला ती खुर्ची नकोय. दोन्हीकडून गोळी यायची शक्यता आहे हे त्याला पक्कं माहितीये.

इथे काय बघायचं, तर तो खोलीत आल्यावर कुठे बसतो, किती जागा घेतो. चारही भाऊ घर आपलंच असल्यासारखे पाय पसरून वावरतात आणि हा एवढा थोराड माणूस अंग चोरून. पुढे हळूहळू त्याचं वजन बदलत जातं, आणि तो बदल कुठल्या सीनपासून झाला ते बोट ठेवून सांगता येत नाही. मला विचाराल तर त्याचं सगळ्यात चांगलं काम हेच, सोलारिसपेक्षाही. 1966 ला कार्लोव्ही व्हारीला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं बक्षीस याच रोलसाठी मिळालं, 1967 ला सोव्हिएत राज्य पुरस्कारही.

आता डोळे उघडे ठेवून का म्हटलं. जंगलातले ते लोक फिल्ममध्ये डाकूच आहेत. प्रत्यक्षात लिथुआनियात 1944 पासून 1953 पर्यंत सोव्हिएत राजवटीविरुद्ध गनिमी लढा चालला, हजारो मारले गेले, हजारो कुटुंबं सायबेरियात धाडली गेली, आणि आजच्या लिथुआनियात त्या लोकांना स्वातंत्र्यसैनिक मानतात. म्हणजे ही फिल्म तिथल्या माणसांसाठी नुसती थ्रिलर नाही. स्टुडिओ सरकारी, सेन्सॉर मॉस्कोचा, तेव्हा बाजू ठरलेलीच होती. तरीपण नाव बघा काय दिलंय, कोणालाच मरायचं नव्हतं, यात "कोणालाच"मध्ये दोन्ही बाजू येतात. आणि वायत्कुस हा दोन्हीकडचा आणि कुठलाच नसलेला माणूस बान्योनिसनं असा केलाय की फिल्मची अधिकृत बाजू त्याच्यापाशी आली की डळमळते. हे मुद्दाम केलं की आपोआप झालं यावर वाद घालत बसता येईल, पण पडद्यावर दिसतं ते हे.

फिल्म क्लबमध्ये दाखवणार असाल तर ही पार्श्वभूमी आधी दोन मिनिटं सांगाच. न सांगता दाखवली तर अर्धे लोक "मस्त वेस्टर्न" म्हणून घरी जातील.

तिसरी: डेड सीझन

1968, साव्वा कुलिश. हेरकथा. बान्योनिस करतो लादेयनिकोव्ह, परदेशात खोट्या नावानं व्यापारी बनून राहिलेला सोव्हिएत हेर. व्यक्तिरेखा बरीचशी कोनोन मोलोदी या खऱ्या हेरावर बेतलेली, जो इंग्लंडमध्ये गॉर्डन लॉन्सडेल नावानं राहिला, पकडला गेला आणि 1964 ला बर्लिनमध्ये हेरांच्या अदलाबदलीत सुटला. फिल्मच्या सुरुवातीला रुडॉल्फ एबल हा खराखुरा हेर येऊन बोलतो, तो भाग पुढे ढकलू नका.

बाँडच्या जमान्यात हा असला हेर. ना सूट अंगावर शोभतो ना मारामारी करतो. त्याच्याबरोबर आहे रोलान बिकोव्ह, बालनाट्यात काम करणारा एक छोटासा नट, जो नाझींच्या छावणीतून वाचलाय आणि म्हणून तिथल्या एका डॉक्टरचा चेहरा ओळखू शकतो. बिकोव्ह सतत हलतो, घाबरतो, बडबडतो. बान्योनिस स्थिर. या दोघांची जोडी लावणं ही दिग्दर्शकाची खरी कमाल, कारण बिकोव्ह एवढा चंचल असल्यामुळे बान्योनिसनं नुसती मान वळवली तरी काहीतरी घडल्यासारखं वाटतं.

शेवटाकडचा अदलाबदलीचा सीन. दोन्हीकडून गाड्या येतात, माणसं उतरतात, दोन हेर एकमेकांच्या दिशेनं चालत येतात आणि बाजूनं जाताना एकमेकांकडे बघतात. संवाद नाहीत. हा सीन आवाज बंद करून बघायची गरजच नाही. इथे त्याच्या चालीकडे बघा, सुटतोय म्हणून पाय उचलत नाही, दमलेला आहे म्हणून ओढतही नाही, आणि त्या एका नजरेत समोरच्याबद्दल राग नाही, कुतूहल आहे, तूही एवढी वर्षं हेच केलंस ना, असं काहीसं. डबिंगवाल्याला इथे काही कामच नाही, म्हणून हा सीन पूर्ण त्याचा.

आता सोलारिस लावा

एवढं झाल्यावर 1972 ची सोलारिस बघा आणि फरक बघा.

फिल्म दोन भागात आहे, मध्ये पाटी येते, तिथेच ब्रेक घ्या. एका बैठकीत बघायचा हट्ट करून अर्धे लोक झोपतात आणि मग फिल्मला नावं ठेवतात. पहिली चाळीस-पंचेचाळीस मिनिटं पृथ्वीवरच जातात, तो टोकियोच्या रस्त्यावरचा लांबलचक गाडीचा सीनही त्यातच. घाई करू नका.

तारकोव्हस्कीला बान्योनिसबरोबर त्रास झाला होता, ही माहिती हाताशी ठेवा. तारकोव्हस्कीला नटानं त्या क्षणात जगावं, पुढचं-मागचं विचारू नये असं हवं असायचं. आणि बान्योनिस पानेवेझीसचा! का, कशासाठी, आधीच्या सीनशी याचं नातं काय, हे कळल्याशिवाय त्याचं गाडं हलायचं नाही. तारकोव्हस्कीनं त्याच्याबद्दल हेच म्हणून ठेवलंय, की हा विश्लेषण करणारा नट आहे, आधी भूमिका बांधावी लागते त्याला. डायरीत त्यानं कौतुक केलं ते केल्विनच्या बायकोचं, हारीचं, काम करणाऱ्या नताल्या बोंदार्चुकचं, ती सगळ्यांवर भारी पडली म्हणून.

माझं मत, तारकोव्हस्कीनं तक्रार केली त्याच गोष्टीमुळे फिल्म उभी राहिली. केल्विन हा मानसशास्त्रज्ञ आहे, अंतराळातलं एक स्टेशन चालू ठेवायचं की बंद करायचं हे थंड डोक्यानं ठरवायला निघालेला माणूस. असा माणूस कारण कळल्याशिवाय हलणारच नाही. आणि मग त्याच्यासमोर येऊन बसते दहा वर्षांपूर्वी मेलेली बायको, जिचं कारण कुठल्याच तर्कात बसत नाही. कारण मागणारा नट, आणि कारण न सांगणारा दिग्दर्शक. केल्विनच्या चेहऱ्यावर जो गोंधळ दिसतो त्यातला थोडा खराच असणार.

कुठला सीन बारकाईनं बघायचा तर हारी पहिल्यांदा येते तो. तो झोपेतून उठतो, ती खुर्चीत बसलेली. पहिली प्रतिक्रिया बघा, दचकणं नाही, ओरडणं नाही, अगदी बारीक हालचाली, जणू मोठं काही केलं तर ती जाईल किंवा जाणार नाही, आणि दोन्हीची त्याला भीती आहे. मग तिला स्पेससूट घालायचा म्हणून तो तिचा ड्रेस सोडवायला जातो आणि पाठीवर नाड्या आहेत पण ड्रेसला उघडायची जागाच नाही. नाड्या नुसत्या दिसायला. शेवटी कात्रीनं कापावं लागतं. त्या वेळी त्याच्या हातांकडे बघा, चेहऱ्याकडे नको. हातांना आधी कळतं की ही माणूस नाही. त्यानंतर तो तिला रॉकेटमध्ये बसवून पाठवून देतो आणि स्वतः भाजून घेतो, आणि मग ती परत येते, आणि खुर्चीवर दोन शाली पडलेल्या असतात, सारख्याच. कॅमेरा त्यावर फार रेंगाळत नाही, तुम्ही रेंगाळा.

लायब्ररीतला तरंगण्याचा सीन, ब्रॉयगेलचं बर्फातल्या शिकाऱ्यांचं चित्र, बाखचं संगीत, यावर बरंच लिहिलं गेलंय, ते परत सांगत नाही. एवढंच बघा की स्टेशनवरचे दोन शास्त्रज्ञ, म्हणजे स्नाउटचा रोल करणारा युरी यार्वेत आणि सार्तोरियस करणारा अनातोली सोलोनित्सिन, यांची भांडणं चालू असताना बान्योनिस काय करत असतो. पहिला नियम आठवा. 1972 च्या कान महोत्सवात ज्युरीचं विशेष ग्रां प्री मिळालं फिल्मला.

दोन बहिरे

यानंतर गोया, 1971, दिग्दर्शक कोनराड वोल्फ, डेफा आणि लेनफिल्म मिळून केलेली, 70 एमएमवर, म्हणून जमेल तेवढ्या मोठ्या स्क्रीनवर बघा, मोबाईलवर तर अजिबात नको. ही मला आवडते त्यामागे एक वेगळं कारण आहे. ज्या नटाचं सगळं बळ ऐकण्यात, तो इथे अशा चित्रकाराचा रोल करतो ज्याची ऐकण्याची शक्तीच जाते. मग ऐकणं सगळं डोळ्यांत येतं. आधीच्या भागात राजदरबारात हसून खेळून, खाऊन पिऊन असलेला गोया बघून ठेवा, आणि बहिरेपण आल्यावर समोरच्याच्या ओठांकडे बघणारा गोया बघा. आधीच्या चार नीट बघितल्या असतील तर हा बदल लगेच पकडाल.

आणि गंमत म्हणजे 1976 ला डेफानंच त्याला परत बोलावलं, होर्स्ट झेमानच्या फिल्ममध्ये बेथोवेन करायला. दुसरा बहिरा. कोणाच्या डोक्यात काय चालू होतं माहीत नाही पण निवड बरोबर होती. वेळ कमी असेल तर गोया बघा, बेथोवेन नंतर कधीतरी.

बाकीच्यांचं पटकन सांगतो. किंग लिअर, 1971, कोझिंत्सेव्ह, त्यात हा अल्बनीचा ड्यूक, नाटक आधी वाचलं असेल तर मजा, कारण अल्बनी सुरुवातीला बायकोच्या सावलीत असलेला आणि शेवटी ताठ उभा राहणारा, म्हणजे परत तेच वजन बदलणं. द रेड टेंट, 1969, शॉन कॉनरी आणि क्लाउदिया कार्दिनाले आहेत म्हणून लोक बघतात, यात तो 1928 च्या इटालिया एअरशिप अपघातातला मारियानो, रोल छोटा, राहिली तरी चालेल. टीव्हीवरचा प्रिन्स फ्लोरिझेल, 1979, तिथे तो आत्महत्या क्लबचा चेअरमन, खलनायक, आणि मनापासून चावटपणा करतो. पाद्री आवडला असेल तर हा आवडेलच.

जी नाटकं आता दिसत नाहीत त्यांचं काय

खरं तर तो सिनेमाचा नट नव्हताच, शूटिंग आटपून परत पानेवेझीसला पळायचा. सिनेमानं नाव दिलं पण घर तिकडे. मग ती नाटकं आपण कशी बघणार? नाही बघू शकत. पण एक करता येतं, स्क्रिप्ट वाचायचं आणि त्याचा चेहरा त्यात ठेवायचा. एवढ्या फिल्म बघून झाल्यावर हे जमतं, करून बघा.

वोल्फगांग बोर्खर्टचं आउटसाइड द डोअर हे नाटक घ्या. जर्मन सैनिक बेकमान, रशियन आघाडीवरून परत आलेला, डोळ्यावर गॅसमास्कचा चष्मा, आणि सगळी दारं बंद. बोर्खर्ट 1947 ला वयाच्या 26 व्या वर्षी गेला, रंगमंचावर पहिला प्रयोग व्हायच्या आदल्या दिवशी. मिल्तिनिसनं 1960 च्या दशकात हे पानेवेझीसला केलं आणि बेकमान बान्योनिस. जरा विचार करा, सोव्हिएत युनियनमध्ये, युद्ध संपून जेमतेम वीस वर्षं झालेली असताना, स्टेजवर एक जर्मन सैनिक येऊन विचारतोय की माझं काय चुकलं, आणि प्रेक्षकात अशी माणसं की ज्यांच्या दारातून दोन्ही सैन्यं गेलीत. वायत्कुस जिथून आला ते ठिकाण यावरून कळतं. दुसरं, आर्थर मिलरच्या डेथ ऑफ अ सेल्समनमधला विली लोमन. हाही त्यानं केला होता. त्या थोराड, दमलेल्या खांद्यांवर नमुन्यांच्या बॅगा ठेवून बघा, लगेच दिसतो.

नाटक करणाऱ्या मित्रमंडळींना माझा सल्ला, ग्रुपमध्ये बसून बेकमानचं एखादं पान वाचा आणि मिल्तिनिसच्या पद्धतीनं प्रत्येक वाक्याला का विचारत जा. तासाभरात कंटाळा येईल, भांडणं होतील, आणि मग कळेल ती पोरं वर्षानुवर्षं काय करत होती.

तिकडे जाणार असाल तर

युरोपातल्या मराठी मंडळींपैकी कोणी बाल्टिक ट्रिप काढत असेल तर विल्निअस ते रिगा जाताना पानेवेझीस वाटेत पडतं, अर्धा दिवस ठेवा. थिएटर चालू आहे, भाषा कळली नाही तरी एखादा प्रयोग बघा, तिकीट ऑनलाइन आधी काढून ठेवा. बान्योनिस 1980 च्या दशकात विल्निअसला राहायला गेला आणि 4 सप्टेंबर 2014 ला तिथेच गेला, नव्वद वर्षांचा होऊन. विल्निअसच्या अंताकाल्निस स्मशानभूमीत त्याची कबर आहे. बायको ओना हीसुद्धा पानेवेझीसचीच नटी, ती 2008 ला गेली. मुलगा रायमुंदास फिल्म दिग्दर्शक, त्याची 1990 ची चिल्ड्रन फ्रॉम द हॉटेल अमेरिका सत्तरच्या दशकातल्या काउनासच्या रॉक ऐकणाऱ्या पोरांवर आहे, ती जरूर शोधा. बापाच्या गावाची पुढची पिढी त्यात दिसते.

आणि शेवटचं, रशियन टीव्हीवर 2000 नंतर नीरो वुल्फची सिरियल आली, जाडजूड डिटेक्टिव्ह, घराबाहेर पडत नाही, ऑर्किड वाढवतो, खुर्चीत बसून केस सोडवतो. तो बान्योनिस, वय सत्तरच्या पलीकडे. सिरियल तशी ठीकठाकच, सेट स्वस्तातले वाटतात, पण असिस्टंट आर्ची गुडविन येऊन सगळा रिपोर्ट देतो आणि हा डोळे मिटून ऐकत बसतो, तेवढे तुकडे पुढे-मागे करून बघून घ्या, बाकी एपिसोड सोडलात तरी चालेल.